स्वस्त सल्ला

२०२३ च्या दिवाळीत माझ्या भाच्याचा पुण्याहून फोन आला. "मावशी, आईला नागिणीची लस द्यायची का? इथले डॉक्टर म्हणतात, साठी ओलांडलीय, शुगर आहे, देऊन टाका." मी दुकानात होते. काउंटरसमोर चार माणसं उभी होती. फोन मानेखाली धरून मी गोळ्या कापत होते, तशीच म्हणाले, "कशाला रे? वीस हजारांच्या वर पैसे घालवायचे, वर दोन दिवस तापाने फणफणायचं. नागीण काय उठसूट सगळ्यांना होते? तिची शुगर सांभाळ, तेवढं पुरे." तो "बरं" म्हणाला आणि फोन ठेवला.

तो सल्ला चुकीचा होता. मी तो घाईत दिला हे खरं आहे, पण चूक घाईमुळे झाली नाही. निवांत बसून विचारलं असतं तरी त्या दिवशी मी हेच सांगितलं असतं.

कराडात आमचं मेडिकल आहे. डी.फार्म. झाल्यावर लग्न झालं, आणि १९८९ पासून मी आणि माझे मिस्टर ते दुकान चालवतो. इतकी वर्षं काउंटरच्या आत उभं राहिल्यावर लोक डॉक्टरांची चिठ्ठी दाखवून हळूच विचारतात, "ताई, हे सगळं खरंच लागतंय का हो?" त्या विश्वासाचा मला फार अभिमान होता, अजूनही आहे. महागडं टॉनिक मी कधी कुणाच्या गळ्यात मारलं नाही. पाचशेच्या प्रोटीन पावडरीपेक्षा घरची मटकी खा म्हणून सांगितलं. त्यातूनच माझ्या मनात एक समीकरण पक्कं झालं असावं: जो सल्ला गिऱ्हाइकाचे पैसे वाचवतो, तो प्रामाणिक सल्ला. बहुतेक वेळा ते खरंही ठरतं. म्हणूनच ते कधी तपासून बघावं असं मला वाटलं नाही.

शिंग्रिक्स नावाची ही लस भारतात २०२३ च्या एप्रिलमध्ये आली, पन्नाशी ओलांडलेल्यांसाठी. दोन डोस, मध्ये दोन ते सहा महिन्यांचं अंतर. किंमत ऐकूनच मी तिला टॉनिकच्या फळीवर नेऊन बसवलं होतं. त्यातच ऑगस्टमध्ये आमचे एक जुने गिऱ्हाईक, निवृत्त शिक्षक, मुलीच्या आग्रहाने ती घेऊन आले. दुसऱ्या दिवशी त्यांच्या सूनबाई पॅरासिटामॉल न्यायला धावत आल्या. ताप १०२, अंग नुसतं मोडून आलेलं, गुरुजी पांघरूण सोडायला तयार नाहीत. मला तेवढं पुरेसं होतं. पुढे वर्षभर ज्यांनी ज्यांनी या लसीबद्दल विचारलं, त्या प्रत्येकाला मी गुरुजींचा ताप सांगितला. कोविडच्या लसीनंतरच्या रात्री सगळ्यांच्या आठवणीत ताज्या होत्या, त्यामुळे लोकांना लगेच पटायचं. किती जणांना मी असं परत पाठवलं, याचा हिशेब माझ्याकडे नाही.

आक्काची गोष्ट त्यानंतरची. आक्का माझी थोरली बहीण, त्याच भाच्याची आई, माझ्याहून आठ वर्षांनी मोठी, उंब्रजजवळच्या गावी राहते. २०२४ च्या जूनमध्ये, पेरणीच्या गडबडीत, तिच्या पाठीत डाव्या बाजूला चमका मारायला लागल्या. तिला वाटलं, पोतं उचलताना लचक भरली. तीन दिवस बाम चोळला. चौथ्या दिवशी आंघोळ करताना हाताला बारीक फोड लागले. शेजारणीने बघितलं आणि म्हणाली, "अगं बाई, नागीण हाय ही!" मग जे गावोगाव होतं तेच झालं. नागीण उतरवणारे एक आजोबा आहेत, ते आले. मंत्र म्हणून त्यांनी गेरूचा लेप दिला, वर दूर्वा नि तांदूळ वाटून लावायला सांगितले. दोन दिवस त्यात गेले. मला कुणी कळवलं नाही, कारण आक्काने सांगितलं होतं, "तिच्या दुकानाचा खोळंबा नको."

भाचेसुनेने शेवटी फोन केला तेव्हा मी आणि मिस्टर गाडी काढून गेलो. आक्का पडवीत कॉटवर एका कुशीवर पडली होती. तिने लुगड्याचा पदर बाजूला केला. मणक्यापासून निघून डाव्या बरगडीखालून छातीच्या मधोमधपर्यंत चार बोटं रुंदीचा लालभडक पट्टा, त्यावर मोत्यासारखे पाणीदार फोड, काही फुटलेले, काही गेरूखाली वाळून चिकटलेले. पट्टा मधल्या रेषेपाशी असा थांबला होता, जणू कुणी पट्टी लावून रेघ मारली आहे. माझं मनगट घट्ट धरून तिने पहिली गोष्ट विचारली ती अशी: "बघ गं, तोंड आन शेपूट मिळालं नाही ना?"

नागिणीचं तोंड नि शेपूट एकत्र आलं की माणूस जातो, हे आम्ही लहानपणापासून ऐकलेलं. ती बाई दोन रात्री या भीतीने झोपली नव्हती. दर तासाला उठून सुनेला बॅटरी लावून बघायला सांगत होती. मी तिला सांगितलं, आक्का, ही नागीण एका नसेच्या वाटेने चालते, आणि ती नस शरीराच्या अर्ध्या बाजूलाच असते. मधली रेघ ओलांडून ती पलीकडे जात नाही, म्हणून तोंड नि शेपूट मिळायचा प्रश्नच येत नाही. हे तिला पटलं, आणि ती रडली. औषध देण्याआधी मी तिला दिलेला दिलासा तेवढाच.

औषधाची वेळ तर निघून चालली होती. ॲसायक्लोव्हिरसारख्या विषाणूविरोधी गोळ्या पुरळ दिसल्यापासून ७२ तासांच्या आत सुरू झाल्या तर त्यांचा खरा उपयोग होतो. आम्ही त्या हद्दीच्या काठावर होतो. कराडच्या त्वचारोगतज्ज्ञांनी नवे फोड अजून येत आहेत हे पाहून लगेच सुरू केल्या. ८०० मिलिग्रॅम, दिवसातून पाच वेळा, सात दिवस. फोड तीन आठवड्यांत खपल्या धरून गेले. घरच्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. दुखणं मात्र गेलं नाही.

त्या दुखण्याबद्दल थोडं सविस्तर सांगते, कारण ते पाहिल्याशिवाय लसीच्या तापाचं खरं वजन कळत नाही. फोड वाळल्यावर आक्काच्या त्या पट्ट्यावर फक्त पांढुरके डाग उरले. बघणाऱ्याला वाटावं, बाई बरी झाली. पण तिथे पदर टेकला तरी ती किंचाळायची. पंख्याचा वारा सहन होत नसे, म्हणून उकाड्यात पंखा बंद करून बसायची. जन्मभर नऊवारीत वावरलेली माझी बहीण दाजींचा जुना, धुऊन धुऊन मऊ झालेला सदरा उलटा घालून घरात बसू लागली. उलटा अशासाठी, की आतली शिवण अंगाला लागू नये. दाजी जाऊन सहा वर्षं झाली होती. तो सदरा तिने आठवण म्हणून ठेवला होता.

ती म्हणायची, "तव्यावरची भाकरी उलथताना हाताला चटका बसतो ना, तसा चटका बसतो. पण चटका देऊन तवा बाजूला होतो, हा होत नाही." रात्री ती भिंतीला टेकून बसून झोपायची. डॉक्टरांनी प्रीगाबालिन सुरू केलं. त्याने दुखणं थोडं कमी झालं, पण चक्कर येऊ लागली. सप्टेंबरमध्ये मोरीत पाय घसरून ती पडली, नशीब की हाड मोडलं नाही. डोस कमी केला की दुखणं वर यायचं, वाढवला की पाय लटपटायचे. हे आठ महिने चाललं. गणपती, नवरात्र, दिवाळी, संक्रांत, सगळे सण या एका पट्ट्याने खाल्ले. नातवाला तिने मांडीवर घेतलं नाही, कारण तो लाडाने अंगावर रेलला तर काय, ही धास्ती.

या दुखण्याला पोस्ट-हर्पेटिक न्यूराल्जिया म्हणतात. नागीण झालेल्या दहांपैकी एक-दोघांच्या वाट्याला ते येतं आणि वय जसं जास्त, तसा धोका मोठा. हे मला माहीत होतं. आक्काचं होण्याआधीही माहीत होतं. डी.फार्म.च्या पुस्तकात वाचलं होतं, प्रीगाबालिनच्या स्ट्रिप्स मी रोज विकत होते. ती स्ट्रिप महिनोन्महिने कोण नेतं आणि का, हे मी कधी विचारलं नाही.

भाच्याने मला एका शब्दाने बोल लावला नाही. आक्काला तर मी काय सांगितलं होतं ते ठाऊकही नव्हतं. जानेवारीत एका संध्याकाळी मीच तिला सांगितलं. ती बराच वेळ गप्प बसली आणि मग म्हणाली, "तुला काय ठावं, मला होणार म्हणून." तिने मला सोडून दिलं. पण मला ठाऊक होतं, आणि म्हणूनच मला ते सुटेना.

त्या महिन्यांत दुकान बंद केल्यावर रात्री मी या विषयावर वाचत बसायचे. नागीण म्हणजे कांजिण्यांचाच विषाणू, हे तर शिकलेलंच होतं. लहानपणी कांजिण्या येऊन जातात, विषाणू मात्र जात नाही. पाठीच्या कण्यालगत नसांच्या मुळाशी तो दडून बसतो, चाळीस-पन्नास वर्षं. वय वाढलं, किंवा मधुमेहासारख्या आजाराने शरीराची पकड सैल झाली, की एखाद्या नसेच्या वाटेने तो बाहेर येतो. वाचता वाचता मला १९७० च्या सुमाराचा एक उन्हाळा आठवला. आमच्या घरी बाया आल्या होत्या, तेव्हा कांजिण्यांना असंच म्हणायचे. आधी आक्काला, मग माझ्या अंगावर. आईने दोघींना एकाच अंथरुणावर लिंबाच्या पाल्यावर निजवलं होतं. माझ्यात जो विषाणू आहे तो आक्काकडूनच आलेला. तिचा जागा झाला, माझा अजून झोपलेला आहे.

हे कोडं सोडवणाऱ्यांत एक खेड्यासारख्या गावातला डॉक्टर होता, हे वाचून मात्र मी थांबले. एडगर होप-सिम्पसन, इंग्लंडमधल्या सिरेन्सेस्टरचा जनरल प्रॅक्टिशनर. १९४७ ते १९६२ अशी सोळा वर्षं त्याने आपल्याकडे आलेल्या नागिणीच्या प्रत्येक रुग्णाची नोंद ठेवली. एकूण १९२ रुग्ण. कुणाचं वय किती, कुठल्या नसेवर, घरात आधी कांजिण्या आल्या होत्या का. त्या नोंदींवरून १९६५ मध्ये त्याने मांडलं की नागीण ही दुसऱ्याकडून लागत नाही, माणसाच्या आतच दडलेल्या जुन्या विषाणूची ती परतफेरी आहे. सोळा वर्षं, १९२ माणसं, आणि मगच एक मत. माझ्याकडे काय होतं? गुरुजींचा एका रात्रीचा ताप. दुकानात माझ्यासमोरून त्याच्या कितीतरी पट माणसं गेली होती.

आणखी एक गोष्ट सापडली, तिचा लसीशी संबंध नाही, पण मला ती फार आवडली. नागिणीचं डॉक्टरी नाव हर्पीस झोस्टर. हर्पीस हा शब्द ज्या ग्रीक धातूवरून आला त्याचा अर्थ सरपटणे, आणि भाषाशास्त्रज्ञ सांगतात की तो आपल्या 'सर्प' शब्दाच्या धातूचा सख्खा भाऊ आहे. झोस्टर म्हणजे कमरपट्टा. आपल्या आज्यांनी नाव ठेवलं नागीण. नाव त्यांचं बरोबर होतं, तोंड-शेपटाची गोष्ट तेवढी चुकीची.

मग मी ते केलं जे २०२३ मध्येच करायला हवं होतं. गुरुजींच्या घरी गेले. ओट्यावर बसून पेपर वाचत होते. मी विचारलं, "गुरुजी, त्या लसीनंतर पुढे काय झालं हो?" त्यांना आधी कळेचना मी कशाबद्दल बोलतेय. "ती होय? दोन दिवस ताप होता. तिसऱ्या दिवशी सकाळी फिरायला गेलो की मी. नोव्हेंबरात दुसरा डोसही घेतला. तेव्हा नुसतं डोकं धरलं होतं." मी म्हटलं, "तुम्ही मला कधी बोलला नाहीत." ते म्हणाले, "तुम्ही विचारलं कुठं?"

त्यांचा तिसरा दिवस मी कधी ऐकलाच नव्हता. पहिल्या रात्रीची गोष्ट तेवढी उचलून मी गावभर सांगितली होती.

फेब्रुवारीच्या शेवटी आक्काचं दुखणं उतरायला लागलं. २०२५ च्या मार्चमध्ये मी स्वतः लस घेतली, वयाच्या साठाव्या वर्षी. माझ्या त्या दोन-तीन दिवसांत काय झालं ते जसंच्या तसं लिहिते, कारण लोकांना हेच हवं असतं आणि हेच त्यांना कुणी नीट सांगत नाही.

आमच्या डॉक्टरांच्या दवाखान्यात शनिवारी सकाळी अकराला गेले. लस दोन बाटल्यांत येते, एकीत पांढरी पूड, दुसरीत किंचित दुधाळ द्रव. द्रव पुडीच्या बाटलीत सोडून हलकेच फिरवून विरघळवायचं, आणि अर्धा मिलिलिटर दंडाच्या स्नायूत. टोचताना विशेष काही नाही. पंधरा मिनिटं बाकावर बसवलं आणि सोडलं. दुपारी जेवले, दुकानात गेले. चार वाजता दंड जड झाला. सहाला वरच्या फळीवरचा बॉक्स काढायला हात वर केला तर खांद्यापर्यंत सणक गेली. दिवेलागणीला दंडावर रुपयाएवढी लाली नि गरम सूज होती.

रात्री साडेदहाला हुडहुडी भरली. मार्च महिना, आणि मी गोधडीवर गोधडी घेतली. दात वाजत होते. साडेअकराला ताप १०१.४. कंबर, मांड्या, पोटऱ्या, जणू दिवसभर उसाच्या मोळ्या वाहिल्या आहेत. मी पॅरासिटामॉलची एक गोळी घेतली, तासाभरात घाम सुटून झोप लागली. पहाटे चारला परत ताप. रविवारी दिवसभर अंथरुणातच. डोकं दुखत होतं, तोंडाला चव नव्हती, दोन वेळा पेज प्यायले. डाव्या हाताने ब्लाऊजचं हूक लावता येईना. संध्याकाळी ताप उतरला. सोमवारी सकाळी उठले तेव्हा अंग हलकं होतं, दंड तेवढा दाबला की दुखायचा. नऊला दुकान उघडलं. बुधवारपर्यंत दंडही विसरले.

मे महिन्यात दुसरा डोस. तेव्हा ताप ९९.८ च्या वर गेला नाही, डोकं मात्र दिवसभर धरलं होतं आणि थकवा जाणवला. काही जणांना दुसऱ्या डोसाला जास्त त्रास होतो. पहिल्याला झाला म्हणून दुसऱ्याला होईलच असं नाही, आणि उलटही नाही.

आता मोठ्या चाचण्यांत काय दिसलं ते. पन्नाशीच्या पुढच्यांत शंभरापैकी सुमारे अठ्ठ्याहत्तर जणांना दंड दुखला, चव्वेचाळीस-पंचेचाळीस जणांचं अंग दुखलं नि तितक्यांनाच थकवा आला, अडतिसेकांचं डोकं दुखलं, वीसेक जणांना ताप आला. नेहमीची कामं करणं अवघड व्हावं इतका त्रास सुमारे सतरा जणांना झाला. बहुतेकांचं सगळं दोन-तीन दिवसांत संपलं. सत्तरीच्या पुढच्यांना हा त्रास पन्नाशीतल्यांपेक्षा कमीच होतो. तेव्हा माझा ताप किंवा गुरुजींचा ताप हा अपघात नव्हता, लस आपलं काम करत होती. या लसीत जिवंत विषाणू नाही, विषाणूच्या अंगावरचं एकच प्रथिन आहे. नुसत्या त्या प्रथिनाकडे म्हातारं शरीर लक्ष देणार नाही, म्हणून त्याला जागं करणारं द्रव्य सोबत घातलेलं असतं. त्यातला एक घटक चिली देशातल्या एका झाडाच्या सालीतून काढतात. आपल्या रिठ्याला फेस येतो तो ज्या जातीच्या द्रव्यामुळे, त्याच जातीचं हे द्रव्य. ते शरीराला जोरात हाक मारतं. हुडहुडी ही त्या हाकेला दिलेली ओ. त्रास झाला नाही तर लस लागली नाही, असाही अर्थ कुणी घेऊ नये. ज्यांना काहीच झालं नाही त्यांनाही ती लागू पडते.

एक दुर्मीळ धोका मी आता कुणापासून लपवत नाही. गियाँ-बारे सिंड्रोम नावाचा, नसांवर हल्ला होऊन हातपाय लुळे पडण्याचा आजार आहे. २०२१ च्या मार्चमध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने या लसीच्या माहितीपत्रकात त्याची सूचना घालायला लावली. पासष्टीच्या पुढच्यांत दहा लाख डोसांमागे सुमारे तीन जास्तीचे रुग्ण, असा त्यांचा अंदाज. लसीनंतरच्या काही आठवड्यांत पायांत मुंग्या येऊन अशक्तपणा वर चढत चालला, तर थांबू नये, तडक मोठ्या दवाखान्यात जावं. तसंच टोचल्यावर लगेच चेहरा सुजणं, श्वास अडकणं, अंगभर गांधी उठणं ही ॲलर्जीची लक्षणं आहेत. पंधरा मिनिटं बसवून ठेवतात ते त्यासाठीच.

आणि दुसऱ्या पारड्यात काय? चाचण्यांत पन्नाशीच्या पुढच्यांत ९७ टक्के, सत्तरीच्या पुढच्यांतही ९० च्या आसपास संरक्षण दिसलं. अकरा वर्षं पाठपुरावा केलेल्यांत ते एकंदर ८० टक्क्यांच्या घरात टिकलं. अमेरिकेतल्या आकड्यांनुसार दर तिघांत एकाला आयुष्यात कधीतरी नागीण होते. "उठसूट सगळ्यांना होते का," असं मी भाच्याला म्हटलं होतं.

मला एक गोष्ट अजून छळते. यातले बहुतेक आकडे आक्काच्या आजारपणाआधीच छापलेले होते. माझं मत फिरलं ते त्यांनी नाही, दाजींच्या उलट्या सदऱ्याने फिरवलं. माझ्यासारख्या बाईला, जिचं काम औषधांचं आहे, सख्ख्या बहिणीचं दुखणं बघावं लागलं, हे बरं नव्हे. ज्यांची आक्का नाही, त्यांना मी कशाच्या जोरावर सल्ला देत होते?

पैशाबद्दल माझं मत फारसं बदललेलं नाही. दोन डोसांचा खर्च आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक घरांना झेपणारा नाही. सरकारी दवाखान्यात ती फुकट मिळत नाही, आणि जिला सर्वात जास्त गरज, ती शेतावर राबणारी मधुमेही म्हातारी या लसीपर्यंत पोचूच शकत नाही. हे मला अन्यायाचं वाटतं आणि मी ते बोलत राहणार. पण परवडत नाही हे गिऱ्हाइकाने ठरवायचं असतं. मी त्याच्या वतीने आधीच ठरवून टाकत होते आणि वर त्याला प्रामाणिकपणा म्हणत होते. आक्काच्या आठ महिन्यांच्या गोळ्या, तपासण्या, गाडीभाडं आणि सुनेचा बुडालेला रोजगार यांची बेरीज भाच्याने एकदा केली. ती लसीच्या किमतीपेक्षा बरीच पुढे गेली.

आता कुणी विचारलं तर मी ताप आधी सांगते. "दोन दिवस मोकळे ठेवा. लग्नकार्य, प्रवास, कापणी यांच्या तोंडावर घेऊ नका. ज्या हाताने काम करता तो हात देऊ नका. ताप येण्याआधीच गोळी खाऊन ठेवू नका, आला तर डॉक्टरांनी सांगितलेली घ्या. पाणी भरपूर प्या. तीन दिवसांवर त्रास राहिला तर दाखवा." आधी अंगात ताप असेल किंवा नागीण चालू असेल तर थांबायचं. कांजिण्या झाल्या होत्या की नाही हे आठवत नसेल तरी चालतं. नागीण एकदा होऊन गेली असली तरी घेता येते. आणि पहिला डोस घेऊन तापाला भिऊन दुसरा सोडू नका, हे मी दोनदा सांगते. एका डोसावर थांबलं तर पैसे गेले, तापही सोसला, आणि भरवशाचं संरक्षण मात्र मिळालं नाही असं होतं. हे सगळं सांगून झाल्यावर म्हणते, आता तुमच्या डॉक्टरांना विचारा, तुमच्या बाकीच्या दुखण्यांची वही त्यांच्याकडे आहे.

काही जण ऐकून नको म्हणतात. तापामुळे म्हणतात, पैशामुळे म्हणतात. ते त्यांचं. त्यांना मी दुसरी गोष्ट सांगून पाठवते, आणि ती तुम्हालाही सांगते, लस घ्या किंवा घेऊ नका: अंगाच्या एकाच बाजूला आग होऊन पट्ट्याने फोड आले, तर गेरू, दूर्वा, मंत्र सगळं नंतर. त्याच दिवशी डॉक्टरकडे जा. कपाळावर, पापणीवर किंवा नाकाच्या शेंड्यावर आले तर डोळ्याला धोका असतो, तासाचाही उशीर करू नका. फोड उघडे असेतोवर तान्ह्या बाळांपासून आणि कांजिण्या न झालेल्या गरोदर बायकांपासून दूर राहा, कारण त्या पाण्यातून त्यांना कांजिण्या होऊ शकतात.

आक्काने जूनमध्ये पहिला डोस घेतला, डॉक्टरांना विचारूनच. दुसरा ऑगस्टच्या शेवटी झाला. त्या रात्री तिला १००.६ ताप आला. मी तिच्या शेजारी निजले होते. पहाटे जाग आली तर ती चुलीपुढे बसून भाकऱ्या थापत होती, अंगावर लुगडं होतं आणि पदर डाव्या बाजूने घट्ट खोचलेला होता.